सातवी परत आली नाही

तीर्थरूप दादास,

धाकटीचा वाकून नमस्कार. (वेगळी वाकले नाही. चित्रांच्या टेबलावर सकाळपासून वाकलेलीच आहे, त्यातलाच एक नमस्कार तुझ्या दिशेने समज.) तुझी तब्येत बरी असेल अशी आशा आहे. आशाच म्हणते, कारण तुझ्या पत्रात खोकला, पाठ, करपलेलं पातेलं आणि देशाची परिस्थिती हे सगळं एकाच परिच्छेदात आल्यामुळे नेमकं काय बिघडलंय ते कळलं नाही. भाचा कॉलेजच्या कँटीनमध्ये जेवतो असं लिहिलंस, म्हणजे तो जेवतोय. बरं वाटलं.

फोन न करता पत्र लिहितेय, कारण फोनवर तू बोलतोस आणि मी ऐकते. पत्रात मला मध्येच 'ते राहू दे, मुद्द्याचं बोल' म्हणणारं कोणी नाही.

तुझा मुद्दा पोचला. वहिनी दुपारी 'जरा जाऊन येते' म्हणून पिशवी घेऊन बाहेर पडली, ती अजून आलेली नाही. शेजारच्या काकूंना तिने फोन करून 'मी बरी आहे, काळजी करू नका' असं कळवलं, तुला कळवलं नाही, आणि ती बरी आहे यापेक्षा तुला कळवलं नाही हे तुला जास्त लागलंय. तिच्या माहेरी चौकशी केलीस, तिच्या मैत्रिणीकडे केलीस, आणि मग मला लिहिलंस की दोन महिने येऊन घर सांभाळ. 'तुझं काय, चित्रंच तर काढायची, ती कुठेही बसून काढता येतात.' शिवाय साखरेचा डबा कुठे असतो हेही विचारलंस. (तुझ्या घरातला. मला.)

तर दादा, मी येऊ शकत नाही. ऑफिसात मोठा घोटाळा झालाय, माझी नोकरी टांगणीला लागली होती, आणि या सगळ्याच्या मुळाशी तुझा गोंद आहे. रागावू नकोस, सगळं सांगते.

मी कोणाची चित्रं काढते ते तुला ठाऊक आहे, पण तू आमच्या चित्रकथांचा अंक कधी उघडून पाहिला नाहीस, म्हणून पहिल्यापासून सांगते. तिचं नाव सातपट. दिवसा बँकेच्या काउंटरवर बसते, आणि संकट आलं की कमरेवर हात ठेवून एक गिरकी घेते आणि एकीच्या सात होतात. चौघी शत्रूवर तुटून पडतात, पाचवी दरीत लोंबकळणारी शाळेची बस वर ओढते, सहावी बँकेतच बसून राहते म्हणजे साहेबाला संशय येत नाही, आणि सातवी घरी जाते, म्हणजे नवऱ्याच्या जेवणाला उशीर होत नाही. अंकाच्या शेवटी सातही जणी गोल करून हात धरतात, 'आता आम्ही पुन्हा एक' असं म्हणतात, आणि एक होतात. गेली कित्येक वर्षं हे असंच चाललंय. हे सगळं आमच्या लेखकमहाशयांच्या डोक्यातून निघतं. ते अविवाहित आहेत, आणि त्यांचा चहा, कपडे आणि औषधं त्यांची बहीण बघते. त्यांना सात बायका सुचल्या. त्या साती जणींना मिळून एक खुर्ची काही त्यांना सुचली नाही.

आणि सुचणं सोपं असतं. ते एका ओळीत लिहितात, 'सातही जणी चहूबाजूंनी झेपावतात', आणि सिगारेट प्यायला गॅलरीत जातात. झेपावायला मी. चौदा हात, चौदा पाय, सात झगे, सगळे एकाच वाऱ्यात उडणारे. माणूस किती वेळा तेच नाक काढणार? म्हणून मी एक युक्ती काढली. ती एकदाच काढायची, खालच्या झेरॉक्सवाल्याकडून प्रती करून घ्यायच्या, कापायच्या आणि पानावर चिकटवायच्या. लांबची हवी असेल तर तो मशीनवर लहान करून देतो. ('ताई, आज कितीजणी?' असं तो भर रस्त्यात ओरडून विचारतो. नवीन गिऱ्हाइकं माझ्याकडे चमकून बघतात.) सातही जणींचा चेहरा त्यामुळे हुबेहूब एक येतो. बस ओढणारीही तशीच हसते आणि भांडी घासणारीही तशीच. वाचकांनी याबद्दल कधी तक्रार केली नाही. बायकांनी सगळीकडे एकाच चेहऱ्याने हसावं याची लोकांना सवय असावी.

आता गोंद. तू आणि वहिनी मध्ये दोन दिवसांसाठी आला होतात, ते आठव. मी शेवटच्या पानाला बसले होते. तू माझ्या गोंदाची बाटली हातात घेतलीस, किंमत वाचलीस आणि मला वेड्यात काढलंस. मग पिशवीतून तुझ्या ऑफिसातली बाटली काढलीस. (ती पाहुणा म्हणून येताना बरोबर का आणली होतीस, हे मी तेव्हा विचारलं नाही, आताही विचारत नाही.) 'आमच्या फायली याच्यावर वर्षानुवर्षं टिकल्यात, तुझ्या बायका काय घेऊन बसलीस,' असं म्हणून पुढचा अर्धा तास गोंद कसा पातळ लावावा यावर बोललास, आणि मग आतल्या खोलीत जाऊन पडलास. वहिनी कात्री घेऊन माझ्याशेजारी बसली होती. केसांच्या कडेने तिच्यासारखं कापणारं कोणी मी पाहिलेलं नाही. पण तिचं एक डोकं कापून होतंय न होतंय तोच आतून तुझी हाक यायची. टॉवेल कुठे. पेपर कुठे. पंखा वाढव. एकदा तर तुझं पेन शोधायला उठवलंस आणि ते तुझ्याच खिशात निघालं. सातपटला गिरकी घेतल्यावर तरी सात व्हायची सोय आहे. वहिनी गिरकी न घेताच आत-बाहेर करत होती. मी साती जणी गोलात चिकटवल्या (हे मला पक्कं आठवतं), पान तिच्यापुढे सरकवलं, 'वहिनी, जरा वाळलं का बघ, आणि पाकिटात घाल' असं सांगितलं, आणि ते पाकीट दुसऱ्या दिवशी छापखान्यात दिलं.

अंक बाहेर आला. शेवटच्या चौकटीत गोल होता, 'आता आम्ही पुन्हा एक' होतं, आणि बायका सहाच होत्या. सातवीच्या जागी कोरा कागद, आणि तिच्या दोन्ही बाजूंच्या दोघी हवेचा हात धरून त्याच नेहमीच्या चेहऱ्याने हसतायत. छापण्याआधी आमचे मुद्रितशोधक प्रत्येक पान बघतात, पण ते अक्षरं मोजतात, माणसं नाही. त्यांनी त्या चौकटीत एक अनुस्वार दुरुस्त केला आणि पुढे पाठवलं.

मालकांनी मला बोलावून घेतलं. आमचं ऑफिस म्हणजे एका टायरच्या दुकानावरची खोली, त्यात तीन टेबलं, न विकलेल्या अंकांचे गठ्ठे आणि सगळ्यांना पुरणार नाही असा एक पंखा. मालक म्हणाले, 'बाई, सात नेल्यात आणि सहाच परत?' जणू मी त्यांच्याकडून ताटं उसनी नेली होती. मी म्हटलं, गोंद सुटला. ते म्हणाले, गोंद तुमचा. मी म्हटलं, भावाचा. त्यावर ते जे म्हणाले ते तुला लिहीत नाही. तू वयाने मोठा आहेस.

पण मग वाचकांची पत्रं यायला लागली, आणि अशी यायला लागली की पोस्टमन वर येईनासा झाला, गठ्ठा टायरवाल्याकडेच ठेवून जाऊ लागला. सातवी कुठे गेली? एका निवृत्त मास्तरांनी बस ओढणारीच मागे राहिली असं गणिताने सिद्ध केलं. कोणी लिहिलं, शत्रूने पळवली. कोणी लिहिलं, तिचं दुसरीकडे जमलंय. एका बाईंनी पोस्टकार्डावर एवढंच लिहिलं होतं, 'सापडली तरी सांगू नका.' अंक संपला, पुन्हा छापला, तोही संपला. मालकांचा आवाज बदलला. पंखा माझ्याकडे वळवण्यात आला.

बैठक बसली. लेखकमहाशयांनी पुढचं कथानक वाचून दाखवलं. सातवी फितूर झाली आहे, शत्रूला जाऊन मिळाली आहे. बाकीच्या सहा जणी तिला गाठतात, बदडतात, दोरखंडाने बांधतात, ती रडून माफी मागते, आणि मग सगळ्या पुन्हा एक होतात. मी विचारलं, बांधलेलीच एक झाली तर सातपट बांधलेली राहील का? ते म्हणाले, हे प्रतीक आहे. मी म्हटलं, पण ती फितूर कशावरून, सगळ्या एकाच झेरॉक्सच्या आहेत. तर म्हणाले, 'अहो, न सांगता घराबाहेर राहिलेली बाई. आणखी काय पुरावा पाहिजे?' (हे वाक्य मी मुद्दाम पूर्ण लिहिलं आहे. तुझ्या पत्राच्या दुसऱ्या पानावर जवळजवळ हेच वाक्य आहे, म्हणून लक्षात राहिलं.) कोपऱ्यात आमच्या रंगवाल्या बाई ब्रश धूत होत्या. त्या मान वर न करता म्हणाल्या, 'दमली असेल.' सगळे पुरुष पंखाच बोलल्यासारखं त्यांच्याकडे बघत राहिले, आणि मग पुन्हा दोरखंडाच्या जाडीवर चर्चा सुरू झाली.

मी म्हटलं, दोरखंड मी काढणार नाही. मालक अगदी शांतपणे म्हणाले, हरकत नाही, सोमवारी पानं आली नाहीत तर सातपट आपण सशाच्या गोष्टी काढणाऱ्या पोराकडे देऊ. दादा, तो पोरगा चांगला आहे, पण त्याने काढलेल्या प्रत्येक माणसाचे कान लांब येतात. मी घरी आले. चूल थंड असेल, तोंड धुवून नुसतं झोपायचं, असं ठरवून आले. (तशी ती नव्हती. त्याबद्दल खाली.)

शेवटची पानं मी माझ्या मनाने काढली. सहा जणी सगळं शहर पालथं घालतात, पुलाखाली बघतात, शत्रूच्या गुहेत बघतात, दोन शत्रूंना निष्कारण मार बसतो. शेवटी एका साध्या घराच्या साध्या खोलीत त्यांना ती सापडते. खुर्चीवर बसलेली, पाय समोरच्या स्टुलावर, हातात कप, मांडीवर वाचायला काहीतरी. सहा जणी दारात धापा टाकत उभ्या. एक विचारते, 'येतेस ना?' ती म्हणते, 'चहा संपू दे.' आणि अंक संपतो. ही सातवी झेरॉक्सची नाही. तिला मी समोर बसवून काढली, कारण पाय वर करून निवांत बसलेल्या बाईचं चित्र मला आठवणीतून काढता येईना. घरातल्या कोणालाच तशी बसलेली मी पाहिलेली नव्हती.

मालकांनी ते पान बराच वेळ धरून ठेवलं. लेखकमहाशय म्हणाले, यात संघर्ष कुठे आहे. रंगवाल्या बाईंनी पान मालकांच्या हातातून काढून घेतलं आणि रंगवायला बसल्या. मालकांनी होकार दिला असं नाही, पण छापखान्यात मशीन थांबलं होतं आणि थांबलेल्या मशीनपुढे त्यांचं काही चालत नाही. तेव्हा नोकरी शिल्लक आहे, आणि पुढच्या अंकापर्यंत मला हलता येणार नाही. माझ्या न येण्याचं कारण हे एवढंच. भाच्याला आशीर्वाद. तुझ्या पाठीला शेक दे.

तुझी,
धाकटी

ता. क. अंक सोबत पाठवला आहे. शेवटचं पान काढून त्या खुर्चीतल्या बाईकडे नीट बघ. कप कसा धरलाय ते बघ. डाव्या पावलावरची इस्त्रीच्या चटक्याची खूण बघ. ती तुझ्याच शर्टाची आहे. झाली ओळख?

पुन्हा ता. क. हो. पिशवी घेऊन निघाली ती सरळ इकडेच आली. त्या दिवशी चूल गरम होती ती तिच्या चहाने. लपवलं असं म्हणू नकोस. तिच्या माहेरी विचारलंस, मैत्रिणीकडे विचारलंस, मला मात्र फक्त साखर विचारलीस. ती ठीक आहे, पुष्कळ झोपते, आणि संध्याकाळी झेरॉक्सवाल्याकडे जाऊन गप्पा मारते. परत येणार का, असं मी विचारलं, तर म्हणाली, 'बघू.' हे 'बघू' तुझ्या 'बघू'सारखं नाही. ती खरंच बघणार आहे. तर खरी विनंती ही: तिचा वाचायचा चष्मा तिकडे राहिलाय. तो घेऊन ये. कुठे आहे ते ती सांगणार नाही, मलाही सांगत नाही. तो तुला स्वतः शोधायचा आहे, कोणालाही हाक न मारता. घरात काय कुठे असतं ते त्या निमित्ताने कळेल. साखरही सापडेल.

(याखालचं अक्षर तू ओळखशील. पत्र वाचून दाखवलं, तर पेन मागून घेतलं.)

अहो, हिने गोंदाला उगाच नावं ठेवली आहेत, मनावर घेऊ नका. गोंद फार चांगला होता. पान पाकिटात घालायच्या वेळी तुम्ही पुन्हा पेनासाठी हाका मारत होतात, तेव्हा सातवीला सोडवताना माझं एक नख गेलं. ती माझ्या पर्समध्ये आहे.