सत्यवती मेश्राम हिच्या बोळाचा दावा

प्रति,
मा. दिवाणी न्यायाधीश साहेब,
दिवाणी न्यायालय, नागपूर.

अर्जदार : सत्यवती चंद्रभान मेश्राम, वय ५२, धंदा सुईणपण, रा. मौदा.

विषय : वकिलांना सूचना नाहीत म्हणून खारीज झालेला दावा परत चालवण्याबाबत.
संदर्भ : दि. दावा क्र. २१४/१९६८, हुकूम दि. १४-९-१९७६.

महोदय,

१. अर्जदाराच्या घराला तिन्ही बाजूंनी परक्यांच्या भिंती आहेत. चौथीकडून रस्त्यावर जाणारा एकच बोळ. तो बंद करायला निघालेले शेजारी शालिकराम हटवार यांच्यावर अर्जदाराचे पती चंद्रभान यांनी हा दावा लावला व निकालापर्यंत मनाई हुकूम मिळवला. पती १९७३ साली वारले. वारस म्हणून अर्जदाराचे नाव दाव्यात लागले. तेव्हापासून तिने एकही तारीख चुकवलेली नाही.

२. तिचे वकील श्री. अनंतराव काळमेघ यांनी पहिल्याच दिवशी बजावले, "बाई, कोर्टात तोंड उघडू नका. बोलायचं ते मी बोलीन." अर्जदार तीन वर्षे बाहेरच्या बाकावर गप्प बसली.

३. दि. १४ रोजी वकीलसाहेब तिच्या समोरून आत गेले आणि 'पक्षकाराकडून सूचना नाहीत, सबब काम सोडत आहे' अशी लेखी पुरसीस देऊन बाहेर आले. सोबत त्यांनी सूचना मागणारे पत्र जोडले. ते मयत चंद्रभान यांच्या नावे धाडलेले असून पोस्टमनने 'मालक मयत' असा शेरा मारून परत केले होते. पुकाराही चंद्रभान याच नावाने झाला. गेलेल्या नवऱ्याच्या नावाला आपण ओ द्यायची असते, हे अर्जदारास कोणी सांगितले नव्हते. दावा खारीज झाला. तिने विचारले, "वकीलसाहेब, मले काहून नाही विचारलं? मी तं इथंच बसून होती." ते म्हणाले, "आता अर्ज करा."

४. दाव्याबरोबर मनाई हुकूमही गेला. तिसऱ्या दिवशी बोळात सात फूट भिंत उभी राहिली. तेव्हापासून अर्जदार शेजारच्या रुपराव रंगाऱ्याच्या शिडीने ये-जा करते.

५. दि. २९ रोजी भरदुपारी भिंतीपलीकडच्या जिजाबाईंच्या सुनेला कळा लागल्या. शिडी रुपरावबरोबर कामावर गेली होती. अर्जदार भिंतीअलीकडून ओरडून सांगत राहिली, जिजाबाई ऐकून करत राहिल्या. नाळ गळ्याभोवती होती. ती सोडवायला जाणता हात लागतो, ओरडून सुटत नाही. मूल वाचले नाही. मुलगा होता.

६. तरी दावा पुन्हा चालू करावा, मनाई हुकूम पूर्ववत करावा व भिंत काढण्याचा हुकूम व्हावा. यापुढे अर्जदार स्वतः बोलेल. तारखेच्या दिवशी पुकारा केव्हाही झाला तरी तिची हरकत नाही. रुपराव सकाळी सातला शिडी नेतो, त्याआधी ती उतरून येईल. दिवेलागणीला तो परतेपर्यंत तिला घरी जाता येत नाही.

विनंती करणार,
सत्यवती चंद्रभान मेश्राम
(निशाणी डाव्या हाताचा अंगठा)
दि. ८-१०-१९७६

सोबत : १) पतीच्या मृत्यूचा दाखला. २) दि. १४-९-७६ चे मौदा–नागपूर एस.टी.चे तिकीट.