उंबरखोऱ्याची खिंड

उंबरखोरे तलाव, चौकी
ता. यावल, पूर्व खानदेश
दि. ९ फेब्रुवारी १९६०

ती. भाऊंच्या पायी सुकदेवचा दंडवत.

इकडे आम्ही ठीक. थंडी ओसरली. कुंदाची तब्येत बरी आहे, वहिनींची आठवण काढते. झुंबरवहिनींचा गुडघा कसा आहे? दोंडाईच्याला लेकीच्या, पुष्पाच्या घरी तुम्ही दोघं आता रुळला असाल. दीड वर्षात मी एकही पत्र टाकलं नाही. सवड नव्हती असं लिहिणार होतो, पण चौकीदाराला सवडच सवड असते.

तलावात आज एकतीस फूट पाणी आहे. नवे इंजिनिअर साहेब आले आहेत. भिंत पाच फूट उंच करायची आहे आणि पूर्वेच्या खिंडीत पक्का दगडी सांडवा बांधायचा आहे. पहिल्या दिवसापासून इथे मीच आहे, म्हणून तलावाची सगळी हकिकत लिहून द्या म्हणाले. आठ दिवस लिहितो आहे.

बरंच तुम्हाला ठाऊक आहे. बावन्न साली काम निघालं. सातपुड्यातले तीन नाले जिथे एक होतात, तिथे दोन टेकड्यांच्या मध्ये नऊशे फूट लांब मातीची भिंत घातली. मध्यावर उंची बावन्न फूट. पाण्याच्या अंगाला दगड बसवले. पश्चिमेला खडक फोडून जादा पाणी जायला सांडवा काढला. पूर्वेची खिंड मातीचा बांध घालून बुजवली. भिंतीच्या पोटात चिकणमातीचा गाभा भरला, म्हणजे पाणी झिरपत नाही. ती माती तुमच्या वावरातली. दहा मैलांत तशी माती नव्हती. तुम्ही द्यायला तयार नव्हता. मीच म्हणालो, "भाऊ, हातभर माती जाईल, पण बारमाही पाणी येईल." पाणी आलं. तिसऱ्या वर्षी तुम्ही केळी लावली.

इथवर कागद सरळ उतरला. पुढे अठ्ठावन्नचा भाद्रपद आला आणि चार दिवस मी टाक बाजूला ठेवला.

साहेबांनी काल विचारलं, "खिंड पाण्याने फुटली की माणसाने फोडली? पंचनाम्यात 'आपोआप' लिहिलंय. ते खरं असेल तर तिथली माती कच्ची आहे आणि मला सांडवा तिथे बांधता येणार नाही. नीट आठवून सांगा."

भाऊ, खिंड मी फोडली.

त्या दिवशी सकाळपासून वरच्या जंगलातली उन्मळलेली झाडं वाहून येत होती. अकराच्या सुमारास ती सांडव्यात अडकली आणि पाणी चढू लागलं. भिंतीच्या माथ्याला दोन फूट उरले. खाली वडखेडे, एकशे चाळीस घरं, त्यात आपलंही. नथ्थू, माझा जोडीदार, कमरेला दोर बांधून सांडव्यात उतरला. जाताना म्हणाला, "सुकदेवभाऊ, तुम्ही खिंड फोडा. भिंत गेली तं गाव जाईन. मी लाकडं काढतो तोवर."

मी कुदळी आणि दोन पावरा मजूर घेऊन खिंडीत गेलो. तिथून खाली पाहिलं की पहिलं वावर तुमचंच. दोन हजार केळी, घड भरलेले, महिन्याभरात कापणीला आले असते. मजूर विचारत होते, "मारू?" मी म्हणत होतो, "थांबा." नथ्थू लाकडं मोकळी करेल, मग फोडायला नको, असं मनाला समजावत होतो. अर्धा तास मी तसाच उभा राहिलो.

मग सांडव्याकडून आरडाओरड झाली. वरून आलेला साजडाचा ओंडका नथ्थूला लागला होता. दोर तुटला. दुसऱ्या दिवशी दोन मैलांवर त्याचं प्रेत सापडलं.

तेव्हा मी पहिली कुदळ मारली. तासाभरात पाणी तीन फूट उतरलं. भिंत वाचली, गाव वाचलं. तुमचं वावर खालच्या खडकापर्यंत धुऊन गेलं.

त्या वेळचे साहेब म्हणाले, "तुला फोडायचा हुकूम नव्हता. नोकरी जाईल. आपोआप फुटली असं लिहू." नथ्थूचा पाय घसरला असं लिहिलं. मी सही केली. संध्याकाळी तुम्ही बांधावर उभे होतात आणि मला म्हणालात, "देवाची करणी, तू काय करशीन?" मी मान हलवली. महिन्याभरात तुम्ही गाव सोडलं.

वावर गेलं याची बोच आहेच. पण वेळेवर फोडलं असतं तर नथ्थूला दोर ओढून वर घेता आलं असतं. तुमची केळी वाचावी म्हणून मी थांबलो. केळीही गेली आणि माणूसही.

साहेबांना लिहून देण्याआधी काल नथ्थूच्या घरी गेलो. त्याची बायको भागाबाई कापूस निवडत होती. सगळं सांगितलं. तिने विचारलं, "अर्धा घंटा म्हनजे किती?"

मी म्हणालो, "आठ-दहा भाकरी होतील इतका."

"लय झाला," ती म्हणाली. बराच वेळ कापूस निवडत राहिली. मग वर न बघता म्हणाली, "साहेबाले खरं लिहून दे. त्याचा पाय घसरला, असं नको ठेवू. मानसं म्हनतात, बेसावध व्हता. तो बेसावध नव्हता. कामाले उतरला व्हता, तसं लिही."

तसं लिहिलं आहे. उद्या कागद साहेबांच्या हाती देतो. पुढे नोकरीचं काय व्हायचं ते होईल. तुम्हाला हे दुसऱ्या कोणाकडून कळू नये, म्हणून हे पत्र.

माफी मागायची तर कशाकशाची, ते मला नीट मांडता येत नाही.

आपला,
सुकदेव

दोंडाईचे
दि. १७ फेब्रुवारी १९६०

चि. सुकदेव यास आशीर्वाद.

पुष्पाच्या हातून लिहवतो आहे. तुझं पत्र तिने दोनदा वाचलं. तुझी वहिनी दुसऱ्यांदा वाचताना उठून आत गेली.

केळी मी विसरलो नाही. विसरेन असंही लिहीत नाही. रोज दुसऱ्याच्या घरचं जेवताना ती आठवते. तू मला त्या दिवशी विचारलं असतं तर मी "फोड" म्हणालो असतो का, हे चार दिवस स्वतःला विचारतो आहे. म्हणालो असतो असं लिहायला बरं वाटलं असतं. पण मला माहीत नाही. मीही कदाचित "थांब" म्हणालो असतो.

म्हणून सांगतो, भागाबाईकडे तू एकटा गेलास ते बरोबर केलं नाहीस. तो अर्धा घंटा माझ्या वावरापायी गेला. त्यात माझाही वाटा आहे.

शनिवारच्या गाडीने भुसावळला उतरतो, तिथून मोटारीने यावल. स्टँडवर ये. घरी नंतर जाऊ. आधी नथ्थूच्या दारात, दोघं.

तुझा भाऊ,
भाईदास