घरात राहणाऱ्यांची संख्या

दिनांक ८ मार्च, शनिवार

दादा,

नमस्कार. तुम्ही सगळे मजेत असाल असं धरून चालते. वहिनींना नमस्कार सांग, आणि ज्याला मी अजून पाहिलेलं नाही त्या धाकट्याला माझ्या वतीने एक पापा. इकडे आई ठीक आहे. गुडघे कुरकुरतात, पण आवाज अजून तिसऱ्या मजल्यापर्यंत पोचतो. गच्चीवरची टाकी एकदाची दुरुस्त झाली. समोरच्या चष्मेवाल्याने दुकान वाढवलंय आणि त्याच्या पाटीवरचे दोन मोठे डोळे दिवसभर आपल्या खिडकीतून आत बघत असतात. आई त्यांच्याकडे पाठ करून बसते.

पाकिटावरचं अक्षर बघून तू चमकला असशील. सहा वर्षांत मी तुला एक ओळ लिहिली नाही. दर एक तारखेला तुझा फोन आला की तो आईच्या हातात देते आणि बाल्कनीत कपडे वाळत घालायला जाते. कपडे नसले तरी जाते. तेव्हा आता ताकाला जाऊन भांडं लपवत नाही. पाकिटात एक छापील कागद आहे. त्यावर मला तुझी सही हवी आहे, आणि तो कागद बुधवारी, १९ तारखेला, दुपारी दोनच्या आत इथल्या मदत कार्यालयाच्या खिडकीवर पोचायला हवा. पैसे मागत नाही, फक्त सही मागते. अडला हरी गाढवाचे पाय धरी, असं म्हण हवं तर. यातलं गाढव कोण, हे मी आज ठरवत नाही.

कागद लगेच वाचू नकोस. आधी माझं ऐक.

कमी कमाई असलेल्यांना दवाखान्याच्या खर्चात मदत मिळते. तिचा अर्ज मी जानेवारीत भरला. अकरा पानं होती. लाँड्रीच्या मालकीणबाईंनी पगाराचा दाखला दिला, तोही दोनदा, कारण पहिल्यावर त्यांनी चहाचा कप ठेवला होता. चौथ्या पानावर घरात राहणाऱ्यांची संख्या विचारली होती. मी दोन लिहिलं. आई आणि मी.

फेब्रुवारीत पडताळणीचे साहेब घरी आले. भला माणूस, चपला बाहेर काढून आला. मी चहा ठेवायला आत गेले आणि तेवढ्यात त्यांनी आईला विचारलं की घरात किती जण राहता. आई म्हणाली, तिघं. मी, ही, आणि माझा मोठा मुलगा. तो नोकरीला आहे, आता कामावर गेलाय.

मी पातेलं तसंच सोडून बाहेर आले. साहेब तुझ्या खाटेकडे बघत होते. तिच्यावर धुतलेली चादर असते, नेहमीच असते, आई दर आठवड्याला बदलते. मग त्यांनी खुंटीवरच्या तुझ्या निळ्या शर्टाला हात लावला. त्याला त्याच सकाळी इस्त्री केलेली होती.

ती मी केली होती, दादा. तुझे दोन शर्ट इथे राहिले, ते आई दर पंधरा दिवसांनी धुते आणि न बोलता माझ्या टेबलावर ठेवते. मी न बोलता इस्त्री करते. आधी कॉलर, मग बाह्या, मग पाठ. दिवसाला दीडशे लोकांचे कपडे करते, त्यात हे दोन जास्त. सहा वर्षांत मी तिला एकदाही विचारलं नाही की हे कशासाठी. निळ्याची कॉलर विटली आहे, पण ती धुऊन धुऊन, घालून नाही. साहेबांना हे कसं कळणार? त्यांनी घडीवर बोट फिरवलं आणि वहीत तीन लिहिलं. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

मी तेव्हाच बोलायला हवं होतं. तोंड उघडलंही होतं. पण आई माझ्याकडे बघत होती. ती खोटं बोलत नव्हती, दादा. तिला विचारलं होतं घरात किती जण, आणि तिने तिच्या घरातले सांगितले. परक्या माणसासमोर मी तिला काय सांगणार होते? मी मूग गिळून गप्प बसले आणि चहा उतू गेला.

आणखी एक कारण आहे, आणि ते मी तीन परिच्छेद मागे ढकलते आहे. आईला वाटतं अर्ज तिच्या गुडघ्यांसाठी आहे. मीच तसं सांगितलं होतं. तिला खरं माहीत असतं तर तिने दोन म्हटलं असतं. एकही म्हटलं असतं.

अर्ज माझा आहे.

माझ्या हृदयाची एक झडप नीट मिटत नाही. वर्षभर मला वाटत होतं इस्त्रीच्या वाफेने धाप लागते. मग जिन्यात दुसऱ्या मजल्यावर बसायला लागले. आईला सांगायचे की खालच्या मावशींशी गप्पा मारत होते. डिसेंबरमध्ये लाँड्रीत टेबलावरच आडवी झाले, एका गिऱ्हाइकाच्या कोटावर. मालकीणबाईंनी आधी मला उचललं आणि मग कोट, म्हणून सांगते, बाई मनाने चांगली आहे. आता शस्त्रक्रियेची तारीख मिळाली आहे, गुरुवार २७ मार्च. २० तारखेपर्यंत मदतीचं प्रमाणपत्र दवाखान्यात दिलं नाही तर तारीख पुढच्या माणसाला जाईल आणि मला ऑक्टोबरमधली मिळेल. मी डॉक्टरीणबाईंना म्हटलं, ऑक्टोबर चालेल की. त्यांनी पेन खाली ठेवलं आणि म्हणाल्या, "ऑक्टोबरपर्यंत थांबू नका." मला भीती वाटते, दादा. हे मी कोणाला सांगितलेलं नाही.

मागच्या सोमवारी कार्यालयाचं पत्र आलं. सज्ञान मुलगा नोकरीत असून त्याच घरात राहतो, म्हणून अपात्र. हरकत घ्यायची तर त्या मुलाने स्वतः लिहून द्यावं की तो तिथे राहत नाही. सोबत नमुन्याचे दोन कोरे कागद होते.

आता जे लिहिते ते वाचून चिडशील. चीड, पण पत्र फाडू नकोस. त्यातल्या पहिल्या कागदावर तुझी सही मी केली. तुझ्या जुन्या वहीवरून दिवसभर गिरवली. ती शेपूट वर नेऊन खाली दोन टिंबं देतोस ना, ती अगदी जमली. तुझ्यापेक्षा बरी आली. गुरुवारी रांगेत उभी राहिले. खिडकीवर चष्म्याला साखळी लावलेल्या एक बाई असतात. त्यांनी कागद वाचला आणि शिक्का उचलता उचलता सहज विचारलं, "सही त्यांचीच ना?"

मी म्हटलं, "नाही."

कसं बाहेर पडलं माहीत नाही. मागे वीस माणसं होती. बाईंनी शिक्का खाली ठेवला. मला वाटलं आता शिपायाला हाक मारतात. त्यांनी कागदाची घडी घातली, माझ्या हातात परत दिली आणि हळू आवाजात म्हणाल्या, "हा मी पाहिलाच नाही. बुधवारची एकोणीस शेवटची. त्यांच्याकडूनच आणा. नाहीतर मला काही करता येणार नाही." तो कागद मी घरी येऊन जाळला. पाकिटात आहे तो दुसरा, कोरा. तिसरा मिळत नाही.

आता कागद वाच. त्यात लिहिलंय, मी वरील पत्त्यावर राहत नाही व मी या कुटुंबाचा घटक नाही.

हे वाक्य तू आधी ऐकलेलं आहेस. बाबा जाऊन दोन महिने झाले होते, तुला आणखी लांबची नोकरी लागली होती, आणि बॅग हातात घेऊन तू दारात उभा होतास. मी म्हटलं, जायचं तर जा, पण मग तू या घरचा नाहीस. तू म्हणालास, "पुन्हा म्हण." आणि मी पुन्हा म्हटलं. आई आत होती. तिने दोन्ही वेळा ऐकलं. आता तेच मी तुला तिसऱ्यांदा पाठवते आहे, छापील, आणि वर म्हणते की खाली सही कर. मला याची लाज वाटते. मी तेव्हा चुकले होते. बाबांच्या आजारपणात तू दर आठवड्याला येत होतास, रात्रीच्या गाडीने परत जात होतास, आणि मला ते दिसत होतं. मला एकटीला मागे राहायची भीती वाटली म्हणून मी तुला घालवलं. सहा वर्षं मला हे पाठ आहे, फक्त लिहिता येत नव्हतं.

फोनवर आईला काही बोलू नकोस. मीच सांगणार आहे. कधी, ते ठरलेलं नाही, कारण सांगितल्यावर ती एकटी असता कामा नये. २७ तारखेला मला सकाळी सहाला आत घेणार. किती तास लागतील ते सांगत नाहीत. तिला तिथल्या बाकावर एकटीला बसवून मी आत कशी जाऊ? खालच्या मावशी येईन म्हणतात, पण त्या आईपेक्षा जास्त रडतात.

खिडकीवरून निघताना मी त्या बाईंना आणखी एक विचारलं. समजा, घरात न राहणारा माणूस आला, जेवला, चार रात्री झोपला, तर तो मोजायचा का? त्या म्हणाल्या, "भेटायला येणाऱ्यांचा रकाना नाही आमच्याकडे." मी पुन्हा एकदा विचारून खात्री करून घेतली.

म्हणून आधी सही कर. तू या घरचा नाहीस असं त्यांना स्वच्छ अक्षरात, खाडाखोड न करता लिहून दे. जलद टपालाने पाठव. मग २६ला ये. बेल वाजली की आई उठेल, पण मी तिला बसवीन. दार मी उघडणार आहे.

तुझी,
ठिणगी