भोकं जुळली म्हणून

१९ ऑक्टोबर, शनिवार

बाबांना मी नाही म्हणाले. टायरच्या दुकानात, काउंटरच्या मागून, गिऱ्हाइकांदेखत. परत विचारलं तर परत तेच सांगेन.

दुपारी बाबा व्हॅन घेऊन आले. मागे तांदळाच्या पोत्यांवर चार ॲलॉय चाकं, आईच्या जुन्या रजईत गुंडाळलेली. वरच्या गावातल्या शिमोदाइरा-सान यांनी दिली म्हणाले. त्यांनी नवी मिनिव्हॅन घेतली, जुनीची चाकं नव्या गाडीला बसत नव्हती. चांदीसारखी लखलखीत! एरवी बाबा आमच्या दुकानाकडे फिरकत नाहीत, चाकं अंगणात स्वतःच बदलतात. आज मुद्दाम आले. मुलगी इंजिनियर, मुलीच्या हातून बसवून घ्यायची होती. मिरवायचं होतं.

मी चाक उलटं केलं. पाच भोकं, अंतरही तेवढंच. बाबा म्हणाले, "जुळतात ना? मग झालं तर."

नाही झालं. ती माणसं नेणाऱ्या गाडीची चाकं आहेत. बाबांची गाडी मालाची. मालाच्या गाडीची चाकं वेगळ्या ताकदीची ओततात, आतल्या बाजूला अक्षरं असतात, शेवटी एक ‘टी’. या चाकांवर ती टी नाही. वर ही जास्त खोल बसणार, आत घासणार. आणि बाबा तांदूळ, मिसोचे डबे, तेल, सोयाच्या बाटल्या असं सगळं भरून वरच्या गावांना विकायला जातात — जिथली दुकानं केव्हाच बंद झाली. घाटात एखादं चाक तडकलं तर खाली नदीच आहे.

हे सगळं मी नीट, हळू आवाजात सांगितलं. बाबांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि म्हणाले, "तुला शिकवलं ते मला चारचौघांत नाही म्हणायला का?"

रजई परत गुंडाळली आणि गेले.

२० ऑक्टोबर, रविवार

आईचं म्हणणं, चाकांचा प्रश्नच नाही. प्रश्न शिमोदाइरा-सान यांचा आहे. मागच्या हिवाळ्यात ते पाय मोडून दवाखान्यात होते. रस्ता बर्फाने बंद. त्यांची आई, किनु आजी, घरात एकटी. बाबा पाठीवर सामान बांधून चालत वर जायचे. चाकं म्हणजे त्याची परतफेड. बरोबर साके दारूची बाटलीही होती. ती तर उघडलीसुद्धा!

"घेतलेली वस्तू वापरली नाही की देणाऱ्याच्या तोंडावर मारल्यासारखं होतं," आई म्हणाली. "तू चार वर्षं बाहेर राहिलीस. विसरलीस."

विसरले नाही. पण भेटीचा मान राखायला घाटातून खाली जायचं, असं मला कुणी शिकवलं नव्हतं.

वर आईने आणखी एक सांगितलं. बाबांनी फेरीवरच्या सगळ्या आजीबाईंना आधीच सांगून ठेवलंय — बर्फ पडायच्या आत गाडी नव्या चाकांवर येणार, पोरगी बसवणार. आता त्या रोज वाकून चाकं बघतात.

२२ ऑक्टोबर, मंगळवार

नोगामी-सान, आमचे मालक, भांडत नाहीत. चहा पुढे करतात आणि मग सुरी फिरवतात.

म्हणाले, गावात निम्मे लोक काय करतात ठाऊक आहे ना? वर्षाच्या तपासणीला जुनी लोखंडी चाकं लावून जायचं, शिक्का घ्यायचा, घरी येऊन हवी ती चढवायची. आपण बसवायची नाहीत, ते खरं. पण बघायलाही जायचं नाही.

मी म्हणाले, तपासणी तपासणाऱ्यासाठी नसते.

हसले. "विद्यापीठातून थेट इथे आलीस. मोठ्या कारखान्यात गेली असतीस तर हे वाक्य शोभलं असतं."

मोठ्या कारखान्यात मी का गेले नाही, हे इथे कुणालाच पटत नाही. घरातली पहिली पदवीधर आणि टायरच्या दुकानात! पण गाड्या काय फक्त शहरातच चालतात? शिकलेलं जर माझ्या गावच्या घाटात उपयोगी पडत नसेल तर ते शिकले कशाला?

२४ ऑक्टोबर, गुरुवार

बाबा बोलत नाहीत. मिठाची बाटलीसुद्धा आईमार्फत मागतात.

२७ ऑक्टोबर, रविवार

दुकानातून घरी आले तर अंगणात व्हॅन उभी — लखलखीत चाकांवर!

शिमोदाइरा-सान सकाळी खाली येऊन स्वतः बसवून गेले. लंगडत, जॅक घेऊन. बाबा शेजारी उभे राहून चहा देत होते म्हणे. लोखंडी चाकं छपरीत रचून ठेवलीत.

मी गाडीभोवती फिरले. दिसतात मात्र सुंदर. खोटं कशाला बोलू. खाली वाकून टॉर्च मारला. उजव्या पुढच्या चाकाची आतली कड घासून उजळ झालीय. अंगणातून एक चक्कर मारून आणली असेल, तेवढ्यात!

उद्या फेरी आहे.

२८ ऑक्टोबर, सोमवार

पहाटे उठून चारही चाकं काढली. आधी नट सैल केले, मग जॅक लावला. दव पडलं होतं, पाना हातातून निसटत होता. लोखंडी चाकं परत चढवली, नट समोरासमोरच्या जोड्यांनी आवळले. शेवटचं चाक चालू असताना बाबा दारात आले. चपला न घालता.

म्हणाले, "माझ्या गाडीला हात लावायचा नाही."

मी उठले नाही. शेवटचा नट आवळला. "पोलिसांना बोलवा मग, बाबा. पण ती चाकं लावून तुम्ही घाट चढणार नाही."

"गाडी कुणाची?"

"तुमची. आणि तुम्ही आमचे."

हे बोलायचं ठरवलं नव्हतं. आलं तोंडातून. बाबांनी त्या घासलेल्या कडेकडे बघितलं, मी मुद्दाम ते चाक त्या बाजूने ठेवलं होतं. आत गेले, माल भरला, निघाले. एरवी आमच्या गल्लीतून जाताना कर्ण्यावर गाडीचं गाणं लावतात. आज लावलं नाही.

आई दिवसभर पुटपुटत होती. लग्न कसं व्हायचं हिचं, असंही ऐकू आलं. होऊ दे नाहीतर न होऊ दे!

३० ऑक्टोबर, बुधवार

सुट्टी घेतली. नोगामी-सान यांच्याकडून छोटा ट्रक मागून आणला आणि चाकं घेऊन वर गेले. आई म्हणाली, गेलीस तर परत तोंड दाखवू नकोस. तिने बांधून दिलेली पर्सिमनची फळं मात्र सोबत नेली.

शिमोदाइरा-सान ओसरीवर बसले होते. मी गुडघे टेकून वाकले आणि सांगितलं — चाकं उत्तम आहेत, गाडी चुकीची आहे. बाबांनी परत पाठवलेली नाहीत, मी आणलीत. राग धरायचा तर माझ्यावर धरा. घासलेली कड दाखवली. ते त्यावर बोट फिरवत राहिले. "मीच बसवली ना," एवढंच म्हणाले. त्यांचा चेहरा बघून मला वाटलं, रागावले असते तर बरं झालं असतं.

तेवढ्यात आतून, कोतात्सूच्या, शेगडीवाल्या बुटक्या मेजाच्या, पांघरुणाखालून, किनु आजी बोलल्या, "त्या चकाकीचं मला काय करायचंय? मला डोळ्यांनी दिसत नाही. टोफू फुटू नये म्हणजे झालं."

शिमोदाइरा-सान हसले. मग मीही. चाकं त्यांच्या गोठ्यात ठेवली. मुळ्याचा भारा देऊन पाठवलं मला — म्हणजे आता माझ्यावर परतफेड आली!

बाबांना रात्री जेवताना सांगितलं. "सांगितलंस त्याला, माझी मुलगी अशी आहे म्हणून?" असं म्हणाले. बोलले तरी!

४ नोव्हेंबर, सोमवार

हट्टाला पेटलेय. चमकदार चाकं नाहीत तर नाहीत, पण बाबांनी आजीबाईंना शब्द दिलाय. नवी चाकं येणारच. बरोबर असतील ती.

आठवडाभर शोधतेय. भोकांची संख्या आणि अंतर — ते सगळेच बघतात. मधलं भोक गाडीच्या दांड्यावर घट्ट बसलं पाहिजे. चाक किती आत बसतं, तेही. भार किती पेलतं, तेही. टी पाहिजेच. आणि नट — चाकाच्या खळग्याचा उतार आणि नटाचा उतार एकच हवा. जुने लोखंडी चाकांचे नट उचलून लावायचे नाहीत.

पहिली निवड सपशेल फसली. सगळी मापं जुळत होती, टी होती. दुकानात बाबांच्या गाडीसारखी दुसरी गाडी आली होती, मालकाला विचारून एक चाक लावून पाहिलं तर आरे ब्रेकवर टेकतात. फिरेचना! नोगामी-सान यांनी चष्मा वर केला. "विद्यापीठात हे पुठ्ठा कापून करायला शिकवत नाहीत वाटतं." मग त्यांनीच पुठ्ठा दिला. ब्रेकच्या आकाराचा तुकडा कापला, आता प्रत्येक चाकात तो फिरवून बघते.

हसू देत. चुकीचं चाक दुकानात कळलं, घाटात नाही.

९ नोव्हेंबर, शनिवार

मिळाली. राखाडी रंगाची, जाड आऱ्यांची, साधी. पुठ्ठा मोकळा फिरतो. टी आहे. माझ्या पगारातून घेतली, आणि यावर मी कुणाचंही काही ऐकणार नाही.

बाबांनी अंगणात एक चाक उभं करून पाहिलं. "ही तर लोखंडासारखीच दिसतात. आजीबाईंना काय सांगू?"

"सांगा, मुलीने निवडली."

"त्यांना वाटेल मुलगी आंधळी आहे." पण चाक ठेवलं नाही. अंगठ्याने ती टी चाचपत बसले होते. मी आत आले, म्हणजे त्यांना वाटावं मी बघत नाही.

१४ नोव्हेंबर, गुरुवार

नोझावानाची पालेभाजी धुवून झाली, लोणच्याला पिंपात भरली. बोटं अजून लाल आहेत. गल्लीत सगळे पुरुष अंगणात जॅक घेऊन — बर्फाची चाकं चढवायचा हंगाम. नव्या चाकांवर बर्फाचे टायर मी दुकानात चढवून आणले.

बाबा म्हणाले, रविवारी पकडायला ये. मला! इतक्या वर्षांत त्यांनी या कामाला कुणालाही जवळ येऊ दिलं नाही. जिंकले असं लिहिणार होते. नाही लिहीत. पण पोट भरल्यासारखं वाटतंय.

१७ नोव्हेंबर, रविवार

बारीक बर्फ पडत होता. मी चाक धरलं, बाबा नट लावत होते. एक नट त्यांच्या हातातून खाली पडला. त्यांना कळलं नाही. रिकामी बोटं बोल्टवर फिरवत राहिले, उजव्या हाताची, जणू नट आत चाललाय. मी विचारलं, बोटांना कधीपासून कळत नाही. उन्हाळ्यापासून, म्हणाले. स्टिअरिंग धरलंय की नाही ते बघावं लागतं, पण बघून धरता येतं.

डावा हात गिअरवर असतो तेव्हा घाटात गाडी कोण धरतं, ते मी विचारलं नाही.

सगळे नट मी आवळले. किल्ली माझ्या कोटाच्या खिशात आहे. उद्या फेरीवर गाडी मी नेणार. बाबा शेजारी बसतील, नाहीतर घरी राहतील.