त्या बाईंनी एकदाच विचारलं

महाड,
२३ नोव्हेंबर २००४

प्रिय इरा,

तुझं पत्र शनिवारी आलं. पोस्टमनने नेमकं ते तुझ्या दादाच्याच हातात दिलं. त्यामुळे आधी त्याने वाचलं आणि मग मला मोठ्याने वाचून दाखवलं, मध्ये चार वेळा दम घेत. सहा जानेवारीला डॉक्टर त्याला पुन्हा तपासायला तयार आहेत, हे वाक्य त्याने दोनदा वाचलं. खरं तर मी तुला फोनच करायला हवा होता. पण आमचा फोन त्याच्या खाटेच्या उशाशी असतो, आणि मला जे सांगायचं आहे ते त्याच्या कानावर पडून चालणार नाही. म्हणून शाळेत बसून लिहिते आहे. सातवी 'ब'चा वर्ग आज सहलीला पाचाडला गेलाय, त्यामुळे मला तीन तास मोकळे आहेत.

आधी घरचं सांगते. ऑक्सिजनचं मशीन आता दिवसभर चालू असतं. आंघोळ करून आला की पंधरा मिनिटं तो बोलत नाही, नुसता हाताने खुणा करतो. लोडशेडिंगमुळे दुपारी चार तास मशीन बंद पडतं, तेव्हा सिलिंडर लावतो. तो भरून आणायचं काम खालच्या मजल्यावरच्या सईदभाईंनी आपणहून घेतलंय. एमआयडीसीत माल टाकायला त्यांचा टेम्पो जातोच. परवा मला रागावले, "भाभी, सिलिंडर संपायला आला की सांगायचं, संपल्यावर नाय!" जानकीबाई सकाळी येऊन धुणंभांडी करून जाते. वजन बेचाळीस किलो झालंय त्याचं. पोलादपूरच्या शाळेतले त्याचे जुने विद्यार्थी भेटायला येतात आणि दारातच चपला काढताना एकमेकांकडे बघतात, ते मला दिसतं.

आणि तरीही तो खुशीत आहे, इरा. तुझं पत्र आल्यापासून तो व्हरांड्यात चालायचा सराव करतोय. मागच्या वेळी तुझ्याकडे चेन्नईला आलो तेव्हा हॉस्पिटलात त्याला सहा मिनिटं चालायला लावलं होतं, त्यात तो कमी पडला असं त्याला वाटतं. म्हणून आता भिंतीला हात लावत फेऱ्या मारतो आणि जानकीबाईला मोजायला बसवतो. ती सातच्या पुढे चुकते. काल मला म्हणाली, "बाय, मास्तर बरं व्हनार हायेत ना गो? मला सांगतात, नवीन फुप्फुसं बसवनार." मी मान हलवली आणि स्वयंपाकघरात निघून गेले.

तुला एक जुनी गोष्ट आठवते का, बघ. बीएडचा निकाल लागला त्या दिवशी तळ्याच्या पायऱ्यांवर बसून तू मला माझ्याच लग्नाचा प्रस्ताव सांगितलास. दादा तुला पसंत करतोय, म्हणालीस. आणि मग पायाशी बघत, "त्याची जरा कफप्रकृती आहे, बाकी सोन्यासारखा." सोन्यासारखा तर तो आहेच, त्याबद्दल माझी आजही तक्रार नाही. पण तुझं ते 'जरा', बाई! पहिली दोन वर्षं मी त्या कफप्रकृतीवर सुंठ उगाळली, अडुळशाचा काढा केला, घरात दही बंद, केळं बंद, पेरू तर नजरेलाही पडू दिला नाही. मधल्या काळात दोन वेळा त्याला टीबीची औषधं झाली, थुंकीत कधी टीबी सापडला नाही तरी. मग एका सकाळी त्याने बेसिनमध्ये वाटीभर रक्त टाकलं. मुंबईच्या डॉक्टरांनी फोटो समोर धरून समजावलं. पाचव्या वर्षी झालेल्या डांग्या खोकल्याने श्वासाच्या नळ्या सैल होऊन पसरल्या आहेत, डबक्यासारखा त्यात कफ साचतो, साचला की सडतो. एवढ्या लांबलचक आजाराला तुम्ही घरी प्रकृती म्हणत होतात. मी तेव्हा तुझ्यावर खूप चिडले होते, तुला कधी बोलून दाखवलं नाही. आज माझी ती चिडायची लायकी राहिलेली नाही.

त्याच डॉक्टरांकडच्या बाईंनी मला थापटायला शिकवलं. खाटेच्या पायथ्याखाली दोन-दोन विटा, त्याचं डोकं उतारावर, आणि पाठीवर खोलगट हाताने थापट्या, खालून वर, वीस मिनिटं एक बाजू, वीस मिनिटं दुसरी. सकाळ-संध्याकाळ. म्हणजे कफ सुटतो आणि खाकरून पडतो. जानकीबाई पहिल्या दिवशी आवाज ऐकून धावत आली होती, "मास्तरांना का गो मारतेस?" आम्ही दोघं इतके हसलो की त्याला ठसका लागला. हे तेरा वर्षं चाललंय. तेरा वर्षांत मी एकदाही माहेरी राहायला गेले नाही, आईच्या तेराव्यालासुद्धा संध्याकाळच्या एसटीने परत आले. कफ पेल्यात पाडून त्याचा रंग बघायचा, हिरवा झाला की गोळ्या बदलायच्या. त्याचा वास माझ्या बोटांना आहे, साबणाने जात नाही. मूल आपण होऊन नको म्हटलं आम्ही. हे मी उपकार म्हणून लिहीत नाही. पुढचं समजायला तुला हे माहीत असायला हवं.

आता एप्रिलचं सांगते. तू रजा काढून आम्हाला त्या हॉस्पिटलात फिरवलंस, तमिळ बोलून रांगा पुढे सरकवल्यास. डॉक्टरांनी आपल्या तिघांसमोर सगळं स्वच्छ सांगितलं होतं. अशी ऑपरेशनं देशात बोटांवर मोजण्याएवढी झालीत. दोन्ही फुप्फुसं बदलावी लागतील, कारण एक जुनं ठेवलं तर त्यातला पू नव्यात उतरेल. वाचण्याची शक्यता निम्मी. वाचला तर पाच वर्षं, नशीब असेल तर दहा. तोवर कोणाच्या तरी मरणाची वाट बघत चेन्नईतच राहायचं. आणि ऑपरेशननंतर एक माणूस अष्टौप्रहर त्याच्याजवळ हवा, ठरल्या मिनिटाला गोळ्या देणारा, पाणी उकळणारा, ताप आला की धावणारा, जन्मभर. तू बाहेर आल्यावर माझा हात दाबलास आणि म्हणालीस, "विनी आहे ना." मला तेव्हा बरंच वाटलं होतं.

चौथ्या दिवशी तू तासाभरासाठी बँकेत गेली होतीस, तेव्हा त्यांच्या समुपदेशक बाईंनी मला एकटीला आत बोलावलं. मोगऱ्याचा गजरा माळलेल्या, माझ्याच वयाच्या, हिंदी अगदी सावकाश बोलणाऱ्या. खोलीला काचेचं दार होतं. बाहेर कॉरिडॉरमध्ये तुझ्या दादाची चालण्याची परीक्षा चालली होती, मागे नर्स चाकावरचा सिलिंडर ढकलत होती. मध्येच तो एका सूचनाफलकापुढे थांबला आणि मन लावून वाचायला लागला. फलक तमिळमध्ये होता, इरा. महाडच्या बाजारात दम लागला की तो असाच दुकानांच्या पाट्या वाचत उभा राहतो, मला ते माहीत होतं. मी त्याच्याकडे बघत होते आणि बाईंनी विचारलं, या माणसाची सगळी जबाबदारी तुम्ही स्वतःच्या मनाने घ्यायला तयार आहात का? पुढची पाच वर्षं, कदाचित दहा?

माझ्या मनात पहिला शब्द आला तो 'अजून?'

आणि मी म्हटलं, नाही. थकले आहे मी, मला नाही जमणार.

मला वाटलं, त्या समजूत घालतील. आपल्याकडे कोणी पहिल्या 'नको'वर चहाचा कप परत नेतं का? 'नको'ला 'घ्या हो थोडा' असतंच, तीनदा आग्रह झाला की आपण मुकाट्याने कप हातात घेतो. मी त्याच हिशेबाने बोलले असणार. कोणीतरी एकदा म्हणावं, विनीताबाई, तुम्ही इतकं केलंत, तुम्हाला जमेल. एवढंच हवं होतं, लगेच हो म्हटलं असतं. पण त्यांच्याकडे आग्रह नसतो. त्यांनी एकदाच विचारलं. मग शांतपणे दोन ओळी लिहिल्या, खाली माझी सही घेतली, पेनाला टोपण लावलं आणि मला पाण्याचा ग्लास दिला. खरं बोललात, आभारी आहे, म्हणाल्या. काही जण हो म्हणतात आणि महिन्याभरात निघून जातात, म्हणाल्या.

ही आग्रहाची गोष्ट मी सात महिने स्वतःला सांगतेय. सांगून सांगून गुळगुळीत झालीय. खरं हे की त्यानंतर आपण आणखी सहा दिवस तिथे होतो. ती खोली मला माहीत होती, दार काचेचं होतं, बाई आत बसलेल्या दिसायच्या. रोज दोनदा त्यासमोरून गेले. आत जाऊन 'मी चुकून बोलले' एवढं म्हणायला अर्धं मिनिट पुरलं असतं. मी गेले नाही.

मे महिन्यात हॉस्पिटलचं पत्र आलं, ते मात्र माझ्या हाती पडलं. त्यात लिहिलं होतं की वैद्यकीयदृष्ट्या विचार करण्याजोगा रुग्ण आहे, परंतु घरचा आधार अपुरा असल्याने नाव यादीत घेता येत नाही. मी ते पत्र शाळेच्या कपाटात ठेवलं आणि तुझ्या दादाला सांगितलं की त्याच्या कफात असा एक जंतू सापडलाय की ज्याच्यावर औषध नाही, म्हणून नाही म्हणतायत. तुलाही फोनवर तेच सांगितलं. त्याने थोडा वेळ पेल्याकडे पाहिलं आणि म्हणाला, "म्हणजे माझाच कफ मला नडला." मग माझ्या खांद्यावर हात ठेवला, मला वाईट वाटू नये म्हणून. तेव्हापासून थापटून झालं की तो स्वतः पेला उजेडात धरून बघतो. तू आम्हाला दोन वर्षं आधी बोलवायला हवं होतंस, तेव्हा जंतू नसता, असं तू प्रत्येक पत्रात लिहितेस आणि माझी माफी मागतेस. ती माफी वाचून माझं काय होतं, ते मला लिहिता येत नाही.

शनिवारच्या पत्रात शेवटी तू लिहिलंयस की तू हॉस्पिटलातून जुनी फाइल मागवली आहेस, पंधरा दिवसांत मिळेल. त्याने तीही ओळ वाचून दाखवली. म्हणून हे पत्र. त्या बाईंचा कागद त्या फाइलमध्ये आहे, खाली माझी सही आहे. तुला ते इंग्रजीत, परक्याच्या अक्षरात कळू नये. सहा तारखेला ते पुन्हा मला आत बोलावतील. माझं उत्तर काय असेल, हे मी रोज सकाळी त्याची पाठ थापटताना स्वतःला विचारते, आणि ते बदललेलं नाही. इथे मी आहे, शेवटपर्यंत आहे, ते तुला सांगायला नको. पण ती दहा वर्षं मी देऊ शकत नाही. तुझी बँक आहे, अंथरुणाला खिळलेले सासरे आहेत, हे मला ठाऊक आहे. तरी त्या कागदावर माझ्याऐवजी तू तुझं नाव लिहिणार असशील, तर फोन कर आणि नुसतं 'या' म्हण. मी त्याला घेऊन येते आणि तुझ्यासमोर त्याला सगळं खरं सांगते. लिहिणार नसशील, तर त्याला पत्र पाठव की डॉक्टर म्हणतात, जंतू अजून आहे. त्याचा विश्वास बसेल. माझ्यावर बसलाच की.

तुझीच,
विनी