नूरीच्या पाठीबाबत

मी, खलील इब्राहिम शेख, वय ७१, धंदा खोगिरे व पालाणे शिवणे, राहणार जुने नाशिक, हे मृत्युपत्र कोणाच्याही दडपणाशिवाय लिहून ठेवतो. गाशा गुंडाळायची वेळ जवळ आली आहे. डोके ठिकाणावर आहे, सुईत दोरा अजून एका झटक्यात ओवतो. मनात मात्र किळस भरली आहे. ती असली तरी सही चालते, असे वकीलसाहेबांनी सांगितले.

१. दोन खोल्या आणि दुकानाचा गाळा माझा एकुलता एक मुलगा रिझवान याला वारसाहक्काने मिळेल, तिथे माझी मर्जी चालत नाही. शरियतीप्रमाणे फक्त एक तृतीयांश मला मर्जीने देता येते, तेही वारस नसलेल्याला. सून वारस नसते. अल्लाहची मेहेरबानी.

२. नूरी हे माझे खेचर मी सून अदिबा हिला देतो. इगतपुरीकडे डोंगरावर बंगले उठताहेत, तिथे गाडी चढत नाही; विटा-वाळू नूरी चढवते. तिचे ओझ्याचे पालाण मी तिच्याच पाठीचे माप घेऊन शिवले. खेचराची पाठ घोड्यासारखी नसते. खांद्याशी उंचवटा कमी, त्यामुळे उतारावर खोगीर मानेवर घसरते. म्हणून शेपटीखालून पट्टा घालतात, त्याला दुमची म्हणतात. एवढे आमच्या घरातल्या मांजरालाही माहीत आहे.

३. रिझवानला माहीत नाही. रविवारी पर्यटक फिरवायला त्याने वरातीच्या घोडीवाल्या यादवकडून जुने खोगीर आणले. लाल मखमल, वर आरसे! दुमची काढून फेकली. का, तर "अब्बा, फोटोत शेपटीखाली पट्टा घाण दिसतो." मी म्हटले, "अरे, पाठ सोलून निघेल तिची." तर म्हणतो कसा, "गिऱ्हाईक मखमल बघतं, पाठ कोण बघतंय?" थू असल्या धंद्यावर!

पावसाळा सरता सरता अदिबा म्हणाली, "अब्बा, कसला तरी वास येतोय." तिने मखमल उचलली. खाली पू, माश्या आणि वळवळणाऱ्या अळ्या. नूरी बिचारी हललीसुद्धा नाही. सारा जन्म मी कच्च्या चामड्याच्या वासात काढला, पण त्या दिवशी मला ओकारी आली. आणि आमचे चिरंजीव? त्यांनी मखमलीवर अत्तर शिंपडले.

४. ते खोगीर माझ्या मालकीचे नाही, म्हणून त्याची वाट मला लावता येत नाही. लावता आली असती तर यादवच्याच पाठीवर आवळून त्याला कसारा घाट उतरायला लावला असता.

५. नूरीचे पालाण, माझी आरी, सुया आणि मेण अदिबाला. पालाण उतरवल्यावर तिने पाठीवरून हात फिरवावा. ती फिरवतेच, तरी लिहितो. घामाने भिजलेल्या पाठीवर कुठे कोरडा डाग दिसला तर तिथे दाब पडतोय असे समजावे आणि पालाणात भरलेला त्या जागचा पेंढा काढावा. जखम पूर्ण भरेपर्यंत नूरीवर काहीही चढवू नये, आणि त्यापुढे रिझवानने अदिबाला विचारल्याशिवाय तिला दाव्यावरून सोडू नये.

६. पोटचा पोर आहे. सही करण्याआधी त्याला समोर बसवून सगळे मोठ्याने वाचून दाखवले. मनाशी ठरवले होते, "जखम कशी आहे?" एवढे जरी विचारले तरी कागद फाडून टाकीन. बापाचे काळीज, दुसरे काय. त्याने शेवटपर्यंत ऐकून घेतले. मग म्हणाला, "ते ठीक आहे, पण या रविवारच्या बुकिंगचं काय?"

सही करीत आहे.

खलील इब्राहिम शेख
नाशिक, १४ ऑक्टोबर २०२४

साक्षीदार : वरील सही आमच्या समक्ष झाली. मुलाचा प्रश्न आम्हीही ऐकला.
१. सावळीराम बेंडकुळे, खेचरवाले, घोटी
२. डॉ. अंजली पगार, जनावरांच्या डॉक्टर, नाशिक