विहीर सापडली, बाई

बाई,

तुमची विहीर सापडली. आधी हेच सांगते, कारण तुम्हाला प्रस्तावना कधी आवडली नाही. "मुद्द्याला ये गं, चहा निवतोय," म्हणायचात. घाटकोपरच्या तुमच्या चाळीच्या अंगणात पोरं बॅडमिंटनचं नेट बांधतात ना, त्याच्या बरोबर खाली आहे. आणि तिला पाणी आहे, बाई, चांगलं नितळ पाणी!

तुम्हाला जाऊन बरीच वर्षं झाली, तरी जादूच्या नकाशांचा विषय निघाला की मला तुमचा ओटाच दिसतो. दोन गाळण्या शेजारी शेजारी टांगलेल्या आहेत, एक चहाची, एक मातीची. ज्या जागेचा नकाशा, तिथलीच माती गाळून शाईत कालवायची आणि दारोदार विचारत फिरायचं, "पाण्याला कुठून जाता? बाजाराला कुठून जाता?" माणसं खरोखर चालतात ती वाट काढायची. मग कागदावरच्या दारात तांदळाचा एक दाणा ठेवायचा. नकाशा जागा झाला असेल तर दाणा आपणहून वाटेला लागतो. माझ्या पहिल्या नकाशावर तो जागचा हलला नाही. मी घरबसल्या कॉम्प्युटरवरचा उपग्रहाचा फोटो गिरवला होता, आणि ते तुम्हाला बघताक्षणी कळलं. "वरून घार बघते. आपण चालतो. चपला घाल आणि नीघ." मी रडत रडत गेले. पुन्हा काढलेल्या नकाशावर दाणा तुरुतुरु चालला, तेव्हा तुम्ही मातीची गाळणी काढून माझ्या हातात दिलीत. "तुझ्याकडेच ठेव. पण धुऊन ठेव, नाहीतर पाहुण्यांना चिखलाचा चहा मिळतो."

चाळीत एक बुजवलेली विहीर आहे, असं सगळेच म्हणत, पण कुठे, यावर जितकी तोंडं तितकी मतं. तुम्ही तिच्यामागे आयुष्य घातलंत. तुमच्या नकाशावर प्रत्येक दारातून दाणा निघायचा, अंगणापर्यंत यायचा आणि तिथे गोंधळून गोल गोल फिरायचा. एकदा नकाशांच्या परिसंवादात तुम्ही तो दाखवलात, तर एक विद्वान माइकवरून म्हणाले, "आजींनी रांगोळी छान काढलीय." अख्खं सभागृह हसलं. तुम्ही शांतपणे आपला बटाटेवडा संपवलात. मला मात्र त्या हसण्याचा अजून राग येतो.

यंदा चाळ पुनर्विकासाला गेली आणि टॉवरचा पाया नेमका अंगणात आला. मीटिंगमध्ये बिल्डरचा माणूस म्हणाला, "विहीर दाखवा ना, अंगण सोडतो. आजीबाईच्या गोष्टीसाठी प्लॅन बदलत नाही आम्ही." मी मुलुंडच्या माझ्या घरून तुमचा नकाशा घेऊन गेले आणि कॅरमच्या टेबलावर पसरला. दाणे परत गोल फिरले. लोक उठायला लागले. आता तुम्ही खोट्या ठरणार होतात, आणि तेही तुमच्याच चाळीत. तेवढ्यात तळमजल्यावरच्या मालवणी काकू चष्मा पुसत वाकल्या. "सगळ्यांची दारां आसत गो. बाईंचां खंय आसा?"

तुमचं दार नव्हतंच! नकाशा काढणाऱ्याने नकाशात घुसू नये, हा तुमचा नियम. "लग्नाच्या फोटोत फोटोग्राफर असतो का?" असं विचारायचात. पण बाई, तुम्ही काय बाहेरून आलेल्या फोटोग्राफर होतात? त्याच नळावर भांडलात, त्याच अंगणात पापड वाळवलेत. एक पान मोकळं असेल तर पंगतीत वाढायला कोण घेतं? दाणे तुमच्यासाठीच खोळंबले होते. मी तुमच्या खिडकीत अजून असलेल्या कढीपत्त्याच्या कुंडीतली माती गाळली, शाई कालवली आणि तुमच्या स्वयंपाकघराचं दार काढलं. दारात दाणा ठेवला. तो निघाला, आणि त्याच्यामागे सगळ्या दारांतले दाणे निघाले आणि एका ठिकाणी जाऊन ढीग करून बसले. पोरांनी नेट सोडलं आणि पहारी आणल्या.

फरशा, भराव, मग काळ्या दगडाचा गोल काठ लागला. आतला भराव उपसून दोर सोडला, तो भिजून वर आला. काकू ओरडल्या, "गो चेडवा, पाणी इलां!" आणि सगळी चाळ नाचली, बाई, गणपती यायला अवकाश असताना नाचली. अंगण राहणार आहे, तसं लिहूनही मिळालं. ते रांगोळीवाले विद्वान काठी टेकत आले, दाण्यामागे मान फिरवत बसले आणि शेवटी म्हणाले, "मला शिकवाल का?" मी म्हटलं, "चपला घाला आणि निघा." काय सांगू कसलं गार वाटलं!

चाळ पुढच्या महिन्यात पडेल. तुमचा ओटाही जाईल. हे पत्र कुठे टाकायचं हे मला ठाऊक नाही, म्हणून ते नकाशाच्या घडीत ठेवते आहे. फक्त एक सांगायचं राहिलं. तुमचा नियम मी एकदा नाही, दोनदा मोडला. कागदाच्या कडेला, मुलुंडच्या बाजूला, मी माझंही दार काढलं. काल त्यात दाणा ठेवला. वाटलं, विहिरीकडे जाईल. तो तुमच्या स्वयंपाकघरात जाऊन थांबला.